सातबाऱ्यावरचा 'आकार' आला कुठून?

मा. संपादक यांस,
स. न. वि. वि.

सातबारा मोबाइलवर दिसू लागल्यापासून त्याविषयी दोन टोकांची मते वारंवार ऐकू येतात. एक म्हणते, हा इंग्रजांनी लादलेला कागद, तो एकदाचा बंद करा. दुसरे म्हणते, इंग्रज आले म्हणून जमिनीची मोजणी तरी झाली, त्याआधी सगळा अंधारच होता. दोन्ही बाजूंचे लोक सातबाऱ्यावर आपले नाव बघतात, क्षेत्र बघतात आणि 'आकार' हा रकाना, म्हणजे त्या जमिनीवर ठरलेला शेतसारा, सोडून पुढे जातात. तिथे दीड रुपया, पावणेचार रुपये असला काहीतरी किरकोळ आकडा असतो. हा आकडा कसा निघाला एवढे जरी समजून घेतले, तरी इंग्रजी अमलाने देशावरच्या गावांचे नेमके काय केले याचा बराचसा उलगडा होतो. म्हणून हे थोडे लांबलेले पत्र.

1818 साली पेशवाई बुडाली तेव्हा मुलूख ईस्ट इंडिया कंपनीच्या हाती आला, पण त्यातून किती वसूल काढावा याचा हिशेब हाती आला नाही. जुनी रीत अशी होती की मामलेदार पाटलाशी बोलून गावाची जमाबंदी, म्हणजे वसुलाची रक्कम, ठरवी आणि पाटील-कुलकर्णी ती रक्कम गावात वाटून देत. मिरासदाराने (वंशपरंपरेचा हक्क असलेल्याने) किती द्यायचे, उपऱ्याला (बाहेरून येऊन कसणाऱ्याला) किती सूट, पड जमीन कुणाला कौलाने (सवलतीच्या दराने) द्यायची, हे गावातच ठरे. बिघा हे माप कागदावर पक्के होते: 20 काठ्यांचा पांड, 20 पांडांचा बिघा, 120 बिघ्यांचा चाहूर. जमिनीवर मात्र हलक्या रानाचा बिघा ऐसपैस आणि काळ्या रानाचा आखूड धरला जाई. म्हणजे प्रतवारी होतीच, ती मापात मुरलेली होती. हे रामराज्य होते असे कुणी समजू नये. दुसऱ्या बाजीरावाने महाल, म्हणजे वसुलीचे मुलूख, मक्त्याने (ठेक्याने) द्यायला सुरुवात केली आणि मक्तेदारांनी रयतेला पिळून काढले. कंपनीच्या पहिल्या अधिकाऱ्यांनी तेच चढे आकडे पुढे चालवले आणि नेमके त्याच दशकात धान्याचे भाव घसरले.

यावर उपाय म्हणून पुण्याचा असिस्टंट कलेक्टर रॉबर्ट कीथ प्रिंगल याने 1820च्या दशकाच्या अखेरीस मोजणी हाती घेतली. हेतू शास्त्रीय होता. शेताचे एकूण उत्पन्न काढायचे, त्यातून बी-बियाणे, बैल, मजुरी असा सगळा खर्च वजा करायचा आणि उरलेल्या निव्वळ उत्पन्नाचे 55 टक्के सरकारने घ्यायचे. इंग्लंडमध्ये अर्थशास्त्राच्या वर्गात शिकवलेले सूत्र इंदापूरच्या माळावर आणून ठेवले, असे म्हटले तरी चालेल. ज्या भागात तीन वर्षांतून एकदा पाऊस दगा देतो तिथे निव्वळ उत्पन्न कुठल्या वर्षाचे धरणार? त्यात मोजणीचे हाताखालचे लोक पैसे खाऊन हलके रान भारी आणि भारी रान हलके लिहीत. आकारणी इतकी बसली की रयत शेते टाकून निजामाच्या हद्दीत निघून गेली.

मग 1835च्या सुमारास गोल्डस्मिड आणि विंगेट हे दोघे इंग्रज अधिकारी आले आणि त्यांनी इंदापूरपासूनच नव्याने सुरुवात केली. 1836 साली तिथे तीस वर्षांसाठी आकारणीचा ठराव लागू झाला. पुढे 1847 साली या दोघांनी डेव्हिडसनसह जो संयुक्त अहवाल दिला, त्यावर मुंबई इलाख्यातली सगळी रयतवारी, म्हणजे शेतकऱ्याकडून थेट सारा घेण्याची पद्धत, उभी राहिली. तुमच्या-माझ्या सातबाऱ्यावरचा आकार हा त्या अहवालातल्या एका कोष्टकाचा वंशज आहे. ते कोष्टक जवळून बघण्यासारखे आहे.

मोजणी झालेल्या प्रत्येक सर्व्हे नंबराचा कच्चा नकाशा घेऊन प्रतवारी करणारा कारकून त्यावर सारख्या आकाराचे चौकोन पाडी. प्रत्येक चौकोनात पहारीने खणून माती किती खोल आहे ते बघायचे. खोली हातात मोजायची. हात म्हणजे दीड फूट. मातीचे तीन वर्ग केलेले. पहिला काळी, बारीक, एकजीव माती. दुसरा थोडी भरड, बहुधा तांबूस. तिसरा मुरमाड, भुरकट, सुटी. पहिल्या वर्गाची माती पावणेदोन हात खोल असेल तर ती 16 आणे प्रत, म्हणजे अव्वल. दीड हात असेल तर 14 आणे, सव्वा हाताला 12, एका हाताला 10, पाऊण हाताला 8, अर्ध्या हाताला 6 आणि पाव हाताला साडेचार आणे. तांबूस माती कितीही खोल असली तरी 14 आण्यांच्या वर चढत नाही. मुरमाड माती हातभर खोल असली तरी 6 आण्यांवर थांबते आणि पाव हात असेल तर 2 आण्यांवर येते. एकूण नऊ प्रती.

त्यानंतर दोष धरायचे. चुनखडीचे खडे, वाळूची भेसळ, उतार, मातीला बांधा नसणे, पाणी न मुरणारी चोपण, वरून पाण्याचा लोंढा येण्याची जागा, खालून पाझर फुटून उपळट होणारी जागा. प्रत्येक दोषासाठी चौकोनात एक खूण करायची आणि एका खुणेला एक प्रत उतरवायची. दोन खुणा असल्या तर दोन प्रती. ज्यांनी जुनी प्रतबुके (प्रतवारीच्या वह्या) पाहिली आहेत त्यांना हे टिंब-रेघांचे चौकोन आठवतील.

आता एक हिशेब मांडून बघू. समजा 20 एकरांचा नंबर आहे आणि त्याचे आठ चौकोन पडले. तीन चौकोन 10 आण्यांचे, दोन 8 आण्यांचे, तीन 6 आण्यांचे. बेरीज 64, भागिले आठ, म्हणजे शेताची सरासरी प्रत 8 आणे. गाव ज्या गटात पडले त्या गटाचा कमाल दर समजा एकरी 12 आणे आहे. 16 आणे प्रतीला 12 आणे, तर 8 आणे प्रतीला एकरी 6 आणे. वीस एकरांचे 120 आणे, म्हणजे साडेसात रुपये. हा त्या नंबराचा आकार.

यात एक मेख आहे आणि ती सहसा कुणी सांगत नाही. कमाल दर मातीवरून ठरत नसे. तालुक्यातल्या गावांचे पाऊस, बाजारपेठेचे अंतर, मशागतीची रीत यांवरून गट पाडायचे, मागच्या वीस-तीस वर्षांत त्या तालुक्यातून किती वसूल झाला आणि किती थकला ते पाहायचे, आणि मग साहेबाने अनुभवाने ठरवायचे की हा तालुका एकूण इतके सोसेल. ती रक्कम आधी धरायची, त्यातून कमाल दर मागे काढायचा आणि प्रतवारीने तो खालच्या शेतांवर पसरायचा. म्हणजे वाटणी विलक्षण काटेकोर आणि वाटायची रक्कम अंदाजाची. प्रिंगलपेक्षा ही रीत शहाणपणाची होती यात वाद नाही. दर पुष्कळ खाली आले, इंदापुरातली पड जमीन पुन्हा नांगराखाली आली. पण आकार हा जमिनीच्या मोलाचा आकडा कधीच नव्हता. सरकारला हव्या असलेल्या रकमेतला तो तुमच्या शेताचा हिस्सा होता.

मोजणीचेही तसेच. साखळी 33 फुटांची, तिचे 16 आणे. साखळी गुणिले साखळी म्हणजे 1,089 चौरस फूट, म्हणजे एक गुंठा. 40 गुंठ्यांचा एकर. शेताच्या मधून एक सरळ पाया धरायचा, शंकूने काटकोन साधून दोन्ही बाजूंच्या बांधांपर्यंत लंब टाकायचे आणि आकडे टिपणात, म्हणजे मोजणीच्या मूळ कागदात, साखळी-आण्यांत लिहायचे. त्या आकड्यांचे त्रिकोण-समलंब पाडून गुणाकार बुकात क्षेत्र काढायचे. पद्धत साधी आणि पक्की आहे. पण साखळीचा एक आणा म्हणजे दोन फूट पाऊण इंच, हे लक्षात ठेवायला हवे. नोंद जवळच्या आण्याला केली तर एखाद्या लंबात फूटभर इकडे-तिकडे होणारच. 660 फूट लांबीच्या बांधावर सगळीकडे एक फूट फरक धरला तरी 660 चौरस फूट, म्हणजे अर्ध्या गुंठ्याहून जास्त. वापरून वापरून साखळीच्या कड्या ताणल्या जात ते वेगळेच. महसूल काढायला एवढी अचूकता भरपूर होती. साडेसात रुपयांत अर्ध्या गुंठ्याचे किती येणार?

आज त्याच टिपणावर उपग्रहाशी जोडलेला रोव्हर लावून आपण सेंटिमीटरची मोजणी करतो आणि फूटभर फरक निघाला की शेजाऱ्याने बांध कोरला म्हणून पोलीस ठाणे गाठतो. कधी त्याने खरोखर कोरलेला असतो. कधी तो फूट 1850 सालच्या साखळीतला असतो. यात भर पडली ती एकर-गुंठ्यांचे हेक्टर-आर करताना. एक गुंठा म्हणजे 1.01 आर. गावात सर्रास 'आर म्हणजे गुंठा' म्हणतात आणि व्यवहारही तसेच होतात. एकरामागे अर्ध्या आराला थोडा कमी इतका फरक तिथेच राहतो.

हे झाले जमिनीचे. माणसांच्या बाबतीत हा कारभार इतका बारकाईने चालला नाही.

मोजणीत सरकारला एकच गोष्ट हवी होती: या नंबराचा सारा कोण भरणार. त्याचे नाव खातेदार म्हणून लागले. मिरासदार आणि उपरी हा जुना भेद पुसला गेला आणि दोघेही भोगवटादार झाले. उपऱ्याच्या दृष्टीने ही बढती होती, हे मान्य केले पाहिजे. पण मिरासी जमीन विकायला पूर्वी भाऊबंद आणि गाव यांचा होकार लागे, तो अडसरही त्याच फटक्यात गेला. जोवर सारा भरला जातो तोवर जमीन तुझी, विक किंवा गहाण टाक, असा नवा नियम आला. आणि जी वस्तू विकता येते तिच्यावर कर्ज मिळते.

सावकार पूर्वीही होता. पण त्याला गावात राहूनच वसुली करावी लागे. तगादा लावायचा, दारात धरणे धरायचे, पंचायत बसवायची, आणि पंच म्हणाले की सोड, तर सोडायचे. दामदुपटीचा नियम होता, म्हणजे एका वेळी वसूल करायचे व्याज मुद्दलापेक्षा जास्त असता कामा नये. 1855 साली व्याजदरावरचे कायदे रद्द झाले. 1859च्या मुदतीच्या कायद्याने साध्या, नोंदणी न केलेल्या कर्जरोख्यावर दावा लावायची मुदत तीन वर्षांवर आणली. हेतू असा की जुनाट दावे उकरून रयतेला छळू नये. झाले उलटे. तिसरे वर्ष संपत आले की सावकार म्हणे, नवा रोखा लिहून दे, नाहीतर दावा टाकतो. नव्या रोख्यात जुने व्याज मुद्दल होऊन बसे.

दरमहा दर शेकडा दोन रुपये हा त्या काळात काही अघोरी दर नव्हता. 100 रुपयांचे तीन वर्षांत 72 रुपये व्याज. नवा रोखा 172चा. आणखी तीन वर्षांनी 295 रुपये 13 आणे. नवव्या वर्षी 508 रुपयांच्या वर. दामदुपट पाळली असती तर 200च्या पुढे एक पैसा नसता. प्रत्येक रोख्यातले व्याज मुद्दलापेक्षा कमीच असल्याने दामदुपटीचा नियम अक्षरशः मोडला असे कुठेही दिसत नाही, ही यातली कारागिरी. कर्जदार दरवेळी अंगठा करी. दावा लागला की तालुक्याच्या कोर्टात जायला दोन दिवस मोडत, वकील परवडत नसे, म्हणून बहुतेक हुकूमनामे एकतर्फी होत. मग जप्ती, लिलाव. लिलावात घेणारा बहुधा सावकारच. तो जमीन कसायला पुन्हा त्याच माणसाला देई, आता अर्धेलीने (अर्धे पीक मालकाला देऊन), आणि सारा भरायचा तोही त्यानेच.

यात आकाराची भूमिका काय? रकमेपेक्षा तारखेची जास्त. सारा रोख आणि ठरलेल्या हप्त्याला. पीक खळ्यावर असताना हप्ता आला की पडत्या भावात धान्य विका किंवा रोखा लिहा. पूर्वी वाईट वर्षी जमाबंदीतच सूट मिळे. नव्या पद्धतीत दर मुळातच सौम्य ठेवला आहे, तेव्हा चांगल्या वर्षाच्या शिलकीतून वाईट वर्षाचे भरा, असे तत्त्व होते. मँचेस्टरच्या कारखानदाराला ते शोभले असते. पोत्यात शिल्लक टाकायची तर आधी पोते लागते.

1861 ते 65च्या अमेरिकन यादवी युद्धात कापूस सोन्याच्या भावाने गेला, रेल्वेच्या कामांवर मजुरी मिळू लागली, धान्याचे भावही चढले. जमिनीची पत वाढली, सावकारांनी हात सैल सोडला. नेमकी याच सुमारास इंदापूरची तीस वर्षांची मुदत भरली आणि 1867पासून पुणे जिल्ह्यातल्या तालुक्यांची फेरआकारणी सुरू झाली, ती तेजीच्या भावांवर. आकार लागू होईपर्यंत भाव उतरले होते. वाढ किती झाली असेल याचा अंदाज सरकारच्याच नंतरच्या आदेशावरून येतो. 1874 साली ठरवावे लागले की यापुढे वाढ तालुक्यावर 33 टक्के, एका गावावर 66 टक्के आणि एका खात्यावर 100 टक्के यांच्या पुढे जाऊ नये. खात्यामागे दुपटीची मर्यादा घालावी लागते, याचा अर्थ ती ओलांडली जात होती. पुणे सार्वजनिक सभेने या फेरआकारणीविरुद्ध आवाज उठवला होता.

1874च्या डिसेंबरात शिरूर तालुक्यातल्या कर्डे गावाने सावकारांवर बहिष्कार टाकला. त्यांच्या घरी ना कुणी पाणी भरी, ना न्हावी-धोबी जाई. 12 मे 1875 रोजी सुपे इथे बाजाराच्या दिवशी लोक जमले आणि सावकारांची घरे-दुकाने फोडली. सुपे तेव्हा भीमथडी तालुक्यात होते, आज बारामतीत आहे. तिथून हे लोण नगर जिल्ह्यात पारनेर-श्रीगोंद्यापर्यंत गेले. मारहाण तुलनेने थोडी झाली. लोकांना हवे होते ते रोखे आणि चोपड्या. त्या हाती आल्या की तिथेच जाळल्या, आणि जिथे सावकाराने मुकाट्याने काढून दिल्या तिथे बहुधा त्याला हातही लावला नाही. पुस्तकांत 'दख्खनचे दंगे' म्हणून एक परिच्छेद असतो त्यात हे येते, पण मुदतीचा कायदा येत नाही, आणि तो आल्याशिवाय कागदच का जाळले ते कळत नाही. गुन्हेगार माणूस नव्हता, तिसऱ्या वर्षी बदलणारा रोखा होता, हे त्या बाजारातल्या निरक्षर माणसांना चोख कळले होते.

चौकशी कमिशनने दोष मुख्यतः सावकारी आणि कोर्टांवर टाकला, साऱ्यावर कमी. यात सरकारचा स्वार्थ होता हे उघड आहे, तरीही माझ्या मते निदान अर्धे बरोबर होते. 1879च्या दख्खन कृषक कर्जनिवारण कायद्याने पुणे, सातारा, सोलापूर आणि नगर या चार जिल्ह्यांत कोर्टाला रोख्याच्या मागे जाऊन पहिल्यापासूनचा हिशेब तपासण्याचा अधिकार दिला, मुदत वाढवली, कर्जापायी कैद बंद केली, रोखे गावच्या निबंधकापुढे करायला लावले. सावकारांनी त्यावरही तोड काढली. गहाणखताऐवजी थेट खरेदीखत लिहून घ्यायचे आणि 'पैसे दिलेस की परत करीन' हे तोंडी ठेवायचे. आजही गावोगाव तोंडी बोलीच्या खरेदीखतांचे दावे चालतात, त्या वाटेचा उगम इथे आहे.

1896-97 आणि 1899-1900च्या दुष्काळांनंतर साऱ्याच्या थकबाकीत जमिनी सरकारजमा झाल्या. 1901 साली मुंबई सरकारने कायदा दुरुस्त करून ठरवले की अशा जमिनी परत देताना विक्री-गहाणाला बंदी घालता येईल. फिरोजशहा मेहता, गोखले यांनी कौन्सिलात सभात्याग केला, कारण यातून रयत ही सरकारची कुळ होते असा त्यांचा आक्षेप होता. सातबाऱ्यावर 'नवीन व अविभाज्य शर्त' किंवा 'भोगवटादार वर्ग 2' दिसते, ती कल्पना तेव्हापासूनची. पुढे वतने खालसा झाल्यावर परत दिलेल्या जमिनींनाही तीच शर्त लागली. महार वतनांच्या जमिनींचे दुखणे तर दुहेरी. 1874च्या वतन कायद्याने वेठीसारखी कामे तुटपुंज्या इनामाला बांधून ठेवली, डॉ. आंबेडकरांनी 1928 साली ती गाठ सोडवण्यासाठी विधेयक मांडले, आणि वतन प्रत्यक्षात गेले ते 1958च्या कायद्याने, तेही जमिनीवर शर्त ठेवून.

हक्कनोंदणी म्हणून जी आपण ओळखतो ती 1903च्या कायद्याने आली. तोवर दप्तरात खातेदार एक आणि रानात कसणारे भलतेच, इतका घोळ झाला होता. फेरफार, हितसंबंधितांना नोटीस, तक्रार, मंजुरी ही साखळी तिथून सुरू होते. गाव नमुना 7 हक्काचा, 12 पिकांचा, 6 फेरफाराचा, 8-अ खात्याचा. पण वसुलीची खोड जाईना. एकत्र कुटुंबातल्या थोरल्या भावाचे नाव लावून पुढे 'ए.कु.मॅ.' लिहायचे, म्हणजे एकत्र कुटुंब मॅनेजर. सारा भरायला एक माणूस मिळाला की तलाठ्याचे काम झाले. धाकटे भाऊ, बहिणी, विधवा भावजय यांची नावे त्या तीन अक्षरांत गडप झाली. तीन पिढ्यांनी थोरल्याचा नातू म्हणतो, सातबारा माझ्या आजोबांचा. कायदा अजूनही एवढेच म्हणतो की नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत खरी मानावी; मालकी त्याने मिळत नाही, हे न्यायालये सांगून दमली.

हे सगळे देशावरचे. कोकणात खोत होते, नागपूरकडे मालगुजार, मराठवाड्यात निजाम. तिथल्या कागदांचा इतिहास वेगळा आहे आणि सगळ्या महाराष्ट्राला एकच गोष्ट लावू नये.

आता त्या आकाराकडे परत येऊ. 1928 साली गुजरातेत बारडोलीला सारावाढीविरुद्ध सत्याग्रह झाला, त्यानंतर फेरआकारणीचा धाक बराच ओसरला. तिथे 22 टक्के वाढ ठरवली होती, चौकशीत सहा टक्क्यांच्या आसपासच योग्य ठरली, आणि ज्या खंडाच्या आकड्यांवर ती उभी होती ते कच्चे निघाले. कुठल्या तालुक्यात शेवटची आकारणी कधी झाली ते पुढे-मागे असेल, पण आकार त्यानंतर जवळपास गोठला. म्हणून आज वीस एकरांना साडेसात रुपये. पाच भावांत वाटणी झाली की आकारफोड करून प्रत्येकी चार एकरांना दीड रुपया. फोड अनेकदा नुसत्या क्षेत्रावर झालेली असते, त्यामुळे ज्याच्या वाट्याला काळी आली त्यालाही दीड आणि ज्याच्या वाट्याला मुरूम आला त्यालाही दीड.

हा दीड रुपया निरर्थक आहे असे समजू नये. कूळकायद्यात खरेदीची किंमत आकाराच्या 20 ते 200 पट या मर्यादेत ठरत असे. कुळाने खरेदी केलेली जमीन दहा वर्षांनंतर विकायची तर नजराणा, म्हणजे सरकारला भरायची रक्कम, आकाराच्या 40 पट. दीड रुपयाच्या 40 पट म्हणजे 60 रुपये, चार एकरांना. पहारीने खणून अर्धा हात की पाऊण हात हे ठरवणाऱ्या त्या कारकुनाचा निवाडा आजही लाखोंच्या व्यवहारात 60 रुपयांची पावती फाडतो आहे.

या पत्राचे निमित्त एवढेच की जुने दप्तर स्कॅन करण्याच्या कामात सातबारे, फेरफार आणि नकाशे यांकडे जेवढे लक्ष जाते तेवढे टिपणे, गुणाकार बुके आणि विशेषतः प्रतबुके यांकडे जावे. कागद ठिसूळ झाले आहेत, घडीवर फाटतात, आणि प्रतबुकातल्या खुणा शिशाच्या पेन्सिलीच्या असल्या तर कमी दर्जाच्या स्कॅनमध्ये त्या उमटतच नाहीत. निदान रंगीत आणि उच्च रेझोल्यूशनवर ती एकदा घ्यावीत. शेतकऱ्यालाही त्यांचा उपयोग आहे: चोपण कुठे, उपळट कुठे, चुनखडी कुठल्या कोपऱ्यात, हे दीडशे वर्षांपूर्वी खणून लिहून ठेवलेले आहे.

आणि बांधाचा वाद असणाऱ्यांनी मोजणीचा अर्ज करण्याआधी नकला काढाव्यात. गट नंबर असेल तर एकत्रीकरणाच्या योजना पत्रकावरून जुना सर्व्हे नंबर आणि हिस्सा शोधावा. मग त्या हिश्शाचा फाळणी नकाशा, काही बदल झाला असल्यास कमी-जास्त पत्रक, आकारफोड, आणि शेवटी मूळ टिपण. टिपणाची नकल घेताना साखळी-आण्यांचे आकडे वाचता येतात की नाही ते खिडकीवरच तपासावे. '7 साखळ्या 1 आणा'चे '7 साखळ्या 7 आणे' झाले तर बांध बारा फुटांनी सरकतो, आणि मग रोव्हर कितीही महाग असला तरी तो चुकीच्याच जागी अचूक खुंटी ठोकतो.

आपला,
एक निवृत्त भूकरमापक
पुणे जिल्हा